सुरतेत आठवलेला मोहन गोखले

सुरतेचा नट कोण म्हणून विचारलं, तर कोणीही संजीवकुमारचं नाव घेईल. हरिहर जरीवाला इथलाच, आणि शहरात त्याच्या नावाचं नाट्यगृहही आहे. मला मात्र सुरतेच्या मुक्कामात आठवत राहिला तो आपला मराठी मोहन गोखले.

इथून जवळच्या नवसारीचे केतन मेहता. त्यांचा १९८० चा ‘भवनी भवाई’ हा पहिला चित्रपट, गुजरातीत आणि सहकारी संस्थेच्या पैशांवर काढलेला. स्मिता पाटील, नसीरुद्दीन, ओम पुरी त्यात आहेत. पण जीवो हा अस्पृश्यांत वाढलेला राजपुत्र गोखल्यांनी केला.

भवाई म्हणजे गुजरातचं लोकनाट्य. आपल्या दशावतारासारखं, आधी गणपती येतो नि मग सोंगं. सोंगाला तिथे ‘वेश’ म्हणतात. परंपरेने तिचा जनक असाईत ठाकर, चौदाव्या शतकातला ब्राह्मण. कणब्याच्या मुलीला सोडवण्यासाठी तो तिच्या पंगतीला बसला आणि जातीबाहेर पडला, असं सांगतात. म्हणजे ही कला जन्मलीच बहिष्कारातून! मेहतांनी चित्रपट त्याला अर्पण केला. सोबत ब्रेख्त आणि ॲस्टेरिक्सवाल्या गोसिनीलाही.

विहिरीला पाणी लागावं म्हणून जीवोचा बळी ठरतो. तो अट घालतो: आमच्या लोकांच्या कमरेचा झाडू आणि गळ्यातलं मडकं काढा. पेशवाईतल्या पुण्याबद्दलही हेच सांगितलं जातं. पुण्याच्या रंगभूमीवर घडलेल्या या नटाला ते परकं नसणार. चित्रपटाला शेवट दोन, एक गोड आणि एक जीवघेणा. लोककला म्हणून घागरे नाचवून दाखवणारे चित्रपट पुष्कळ झाले. मला ते फारसे रुचत नाहीत. इथे भवाईची नांगी शाबूत आहे. राष्ट्रीय एकात्मतेवरील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला.

१९८९ मध्ये दूरदर्शनच्या ‘मिस्टर योगी’त गोखले पुन्हा गुजराती झाले, योगेश ईश्वरलाल पटेल! बारा राशींच्या बारा मुली बघणारा तो तरुण आपल्याकडेही घरोघरी पोचला. आणि जब्बार पटेलांच्या ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’मध्ये त्यांनी गांधीजी केले. एकेकाळी जीवो झालेला नट तिथे पुणे कराराच्या दुसऱ्या बाजूला, मामुट्टीच्या आंबेडकरांसमोर उभा आहे.

तो चित्रपट २००० मध्ये आला. गोखले त्याआधीच, २९ एप्रिल १९९९ रोजी, ‘हे राम’च्या कामासाठी चेन्नईत असताना गेले. तिथली त्यांची भूमिका मग अतुल कुलकर्णींनी केली.