अलिबागचा पांढरा कांदा आणि लागवडीची अवजारे

अलिबाग तालुक्यातील कार्ले, खंडाळे, नेहुली या गावांत भातकापणीनंतर घेतल्या जाणाऱ्या पांढऱ्या कांद्याला 2022 मध्ये भौगोलिक मानांकन, म्हणजे विशिष्ट प्रदेशाशी निगडित उत्पादनाला मिळणारे कायदेशीर संरक्षण, लाभले. त्यासाठी 1883 च्या कुलाबा गॅझेटियरचाही आधार घेण्यात आला. कौतुक मात्र कांद्याच्या माळांचेच झाले, अवजारांचे फारसे नाही.

खाण्याचा कांदा रोपांपासून होतो. बियाण्यासाठी मात्र निवडक कंद, म्हणजे मातृकांदे, पुन्हा जमिनीत लावावे लागतात. त्यांचा वरचा सुमारे एक तृतीयांश भाग विळ्याने कापला असता कोंब लवकर फुटतात, आणि पुढे डेंगळे, म्हणजे पोकळ फुलदांडे, येऊन त्यांच्या टोकाच्या पांढऱ्या गोंड्यांत काळे बी धरते. भाताच्या खाचराची सुकून घट्ट झालेली माती फोडण्याचे काम कुदळीचे; खुरपे तेथे बोथटते, पण भुसभुशीत वाफ्यात कंद मुळांची बाजू खाली ठेवून बसवताना आणि नंतर तण काढताना त्याच्याइतके सोयीचे दुसरे अवजार नाही, कारण कांद्याची मुळे उथळ असल्याने कुदळीचा एक चुकीचा घाव संपूर्ण झाड उपटतो.