ताक्ना–आरिका वाद

दक्षिण अमेरिकेच्या पॅसिफिक किनाऱ्यावरील ताक्ना व आरिका या प्रदेशांच्या मालकीवरून पेरू व चिली यांच्यात १८८३ ते १९२९ या काळात चाललेला वाद. पॅसिफिक युद्धात (१८७९–८३) हरलेल्या पेरूने आंकोनच्या तहान्वये सोऱ्याने समृद्ध असलेला तारापाका प्रांत कायमचा सोडला. ताक्ना व आरिका मात्र दहा वर्षे चिलीकडे राहून नंतर सार्वमताने निर्णय व्हावा आणि जिंकणाऱ्याने दुसऱ्याला एक कोटी पेसो द्यावेत, असे ठरले. हे सार्वमत कधीच झाले नाही. त्याचा दोष सहसा चिलीच्या अरेरावीला दिला जातो. पेरूवादी शाळा बंद करणे, धर्मगुरूंना हद्दपार करणे ही कृत्ये पाहता तो निराधार नाही. परंतु अरेरावीला वाव तहानेच दिला. मतदार कोण आणि देखरेख कोणाची, हे त्यात नव्हतेच. तपशील पुढील करारावर सोडले होते. ताबा असलेल्या चिलीला वस्तीचे स्वरूप बदलण्यास त्यामुळे आयतीच सवड मिळाली.

निःपक्ष पंच असता तर हे टळले असते, हा आक्षेप अनुभवाला उतरत नाही. निदान इतक्या उशिरा तरी नाही. १९२५ मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष कूलिज यांनी लवाद म्हणून सार्वमताचा निवाडा दिला आणि जनरल पर्शिंग यांना आरिकाला पाठवले. १९२६ मध्ये पर्शिंग यांचे उत्तराधिकारी लॅसिटर यांनी मुक्त मतदान अशक्य असल्याचे जाहीर केले. अखेर रहिवाशांना न विचारताच सौदा झाला. १९२९ च्या लीमा तहाने ताक्ना पेरूला, आरिका चिलीला आणि साठ लाख डॉलर पेरूला मिळाले. पूरक करारानुसार हा प्रदेश परस्परसंमतीशिवाय तिसऱ्या देशाला देता येत नाही. समुद्रकिनारा गमावलेल्या बोलिव्हियाची वाट त्यामुळे आजही अडलेली आहे.