बंद लखोटा: असईचे रणांगण ते धाराशिवची गावे

(१) भोकरदनजवळच्या असईला २३ सप्टेंबर १८०३ रोजी शिंदे आणि भोसले यांच्या फौजेशी आर्थर वेलस्लीची लढाई झाली. त्याच्या बाजूचे सुमारे १,६०० लोक ठार, जखमी किंवा बेपत्ता झाले. या लढाईतील तोफांची चर्चा पुष्कळ होते. जखमींवर केलेले उपचार गुणकारी होते की घातक, हे मात्र तेव्हा कोणालाच सांगता आले नसते, कारण ते पडताळण्याची रीतच रुळलेली नव्हती. ती रीत घडवण्यात पुढे सैनिकी जीवन पाहिलेल्या माणसांचा मोठा वाटा होता आणि तिची एक अवघड परीक्षा मराठवाड्याच्याच मातीत झाली.

(२) असईनंतर सहा वर्षांनी वेलस्ली पोर्तुगालात नेपोलियनच्या सैन्याशी लढत होता. तेथील ब्रिटिश सैन्यातला सर्जन अलेक्झांडर हॅमिल्टन याने १८१६ च्या एडिंबरो येथील प्रबंधात एक प्रयोग नोंदवला. ३६६ आजारी सैनिक आळीपाळीने तीन सर्जनांकडे सोपवले गेले. दोघांनी रक्तमोक्षण टाळले. त्यांचे अनुक्रमे दोन आणि चार रुग्ण दगावले. तिसऱ्याने रक्त काढले. त्याचे ३५ गेले. पण हॅमिल्टनच्या खासगी कागदपत्रांत या प्रयोगाचा उल्लेख सापडत नाही. त्यामुळे तो खरोखर झाला का, याचीच अभ्यासकांना शंका आहे. आकडे होते, त्यांच्यावर देखरेख करणारे कोणी नव्हते.

(३) ही उणीव भरून काढणाऱ्यांत ऑस्टिन ब्रॅडफर्ड हिल यांचे नाव अग्रभागी येते. जन्म १८९७ चा. पहिल्या महायुद्धात ते ब्रिटिश नौदलाच्या हवाई दलात वैमानिक झाले आणि एजियन समुद्राकडे रवाना झाले. तेथे क्षयाने गाठले. सैन्य सुटले आणि डॉक्टर होण्याचे स्वप्नही मोडले. अंथरुणात पडून त्यांनी टपालाने अर्थशास्त्राची पदवी मिळवली आणि पुढे संख्याशास्त्राच्या वाटेने वैद्यकात प्रवेश केला.

(४) ज्या रोगाने त्यांना युद्धातून परत धाडले, त्याच रोगाच्या औषधाची परीक्षा त्यांच्या हाती आली. स्ट्रेप्टोमायसिन नवे होते आणि ब्रिटनमध्ये फारच थोडे उपलब्ध होते. कोणाला द्यायचे, हे डॉक्टरवर सोपवले तर तो नकळत बरा होण्याजोगा रुग्ण निवडील आणि यश औषधाच्या नावावर जमा होईल. म्हणून निवड योगायोगावर सोडली गेली. प्रत्येकाचा गट बंद लखोट्यात होता. रुग्ण दाखल करून घेतल्यावरच लखोटा उघडायचा. १०७ रुग्णांपैकी औषध मिळालेल्या ५५ जणांत सहा महिन्यांत चार मृत्यू झाले, तर केवळ विश्रांतीवर ठेवलेल्या ५२ जणांत १४. निष्कर्ष १९४८ मध्ये प्रसिद्ध झाले. मात्र आपण तुलनेसाठी ठेवलेले रुग्ण आहोत, हे त्या ५२ जणांना सांगितलेले नव्हते.

(५) त्यानंतर हिल कर्करोगाकडे वळले. सोबतीला रिचर्ड डॉल होते. तेही माजी सैनिक. दुसऱ्या महायुद्धात लष्करी डॉक्टर म्हणून त्यांनी डंकर्कची माघार अनुभवली होती. दोघांनी १९५० मध्ये धूम्रपान आणि फुफ्फुसाचा कर्करोग यांचा संबंध दाखवला. १९५१ पासून सुमारे ४०,००० ब्रिटिश डॉक्टरांचा मागोवा घेऊन तो अधिक दृढ केला.

(६) हिल १९९१ मध्ये निवर्तले. आठ वर्षांनी, १९९९ मध्ये, त्यांची पद्धत उस्मानाबाद, म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यात पोहोचली. गर्भाशयमुखाच्या कर्करोगासाठी कोणती तपासणी जीव वाचवते, हा प्रश्न होता. बार्शीचे नर्गिस दत्त स्मृती कर्करोग रुग्णालय, मुंबईचे टाटा स्मारक केंद्र आणि फ्रान्समधील लियों येथील आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्था यांनी तो हाती घेतला. ३० ते ५९ वयाच्या १,३१,७४६ स्त्रिया त्यात होत्या. येथे चिठ्ठी एकेका स्त्रीच्या नव्हे, तर गावांच्या ५२ समूहांच्या नावाने निघाली. तीन गटांना तीन वेगळ्या तपासण्या मिळाल्या; चौथ्याला केवळ आरोग्यविषयक माहिती.

(७) निष्कर्ष २००९ मध्ये आले. एचपीव्ही विषाणूची चाचणी झालेल्या गटात या कर्करोगाने ३४ मृत्यू झाले, तपासणी न झालेल्या गटात ६४. केवळ एका चाचणीने मृत्यूचे प्रमाण जवळजवळ निम्म्यावर आले. खेड्यांतील स्त्रियांसाठी काय करता येईल, याचा भक्कम पुरावा हाती आला.

(८) वादही तेथेच पेटला. पॅप तपासणीचा उपयोग अनेक दशके ठाऊक असताना चौथ्या गटाला तपासणीविना का ठेवले, असे टीकाकारांनी विचारले. या भागात नियमित तपासणी मुळात कोणालाच मिळत नव्हती आणि तुलनेशिवाय शासनाला पटेल असा पुरावा उभा राहिला नसता, असे समर्थकांचे म्हणणे होते. हिल यांच्या ५२ रुग्णांचा प्रश्नच नव्या रूपात परत आला होता. फरक इतकाच की १९४८ मध्ये औषध खरोखर अपुरे होते. येथे अपुरी होती ती व्यवस्था.

(९) १५ जून २००९ पासून भारतात औषधांच्या प्रत्येक मानवी चाचणीची आधी जाहीर नोंदणी सक्तीची झाली. २०१९ च्या नियमांनुसार नैतिकता समितीत किमान सात सदस्य लागतात. त्यांत एक स्त्री, एक कायदेतज्ज्ञ आणि वैद्यकाशी संबंध नसलेली एक सामान्य व्यक्ती असावी लागते. निम्मे सदस्य संस्थेबाहेरचे. आता भोकरदनच्या एखाद्या स्त्रीला चाचणीत बोलावले, तर होकार देण्याआधी तिला विचारता येते: माझ्या नावाची चिठ्ठी रिकाम्या गटाची निघाली तर मला काय मिळेल? त्याचे उत्तर तिला समजेल अशा भाषेत देणे संशोधकावर बंधनकारक आहे. हॅमिल्टनच्या ३६६ सैनिकांना हा प्रश्न विचारण्याची सोय नव्हती.