तीन दिवसांचा आठवडा

भारनियमन आपल्याला नवं नाही. रात्री-अपरात्री मोटर चालू करायला शेतात जावं लागतं, दळण अडतं. पण विजेपायी एका सरकारनं देशाचा कामाचा आठवडाच तीन दिवसांवर आणला होता. तो देश ब्रिटन.

ऑक्टोबर १९७३ मध्ये इजिप्त-सीरिया आणि इस्रायलचं युद्ध पेटलं. अरब देशांनी तेलाचा हात आखडला, भाव काही महिन्यांत चौपट झाले. ब्रिटनची बहुतेक वीज कोळशावर व्हायची. महागाईत पगार पुरेना, म्हणून खाणकामगारांनी नोव्हेंबरात ओव्हरटाइम बंद केला. संप नव्हे हं, ठरल्या वेळेचं काम चालूच होतं. पण खाणीतली डागडुजी शनिवार-रविवारी ओव्हरटाइममध्येच व्हायची. ती थांबली आणि कोळसा घटला. न दिसणारं काम थांबलं की काय होतं, हे घर चालवणाऱ्या बाईला वेगळं सांगायला नको.

पंतप्रधान एडवर्ड हीथ मागणीइतका पगार वाढवायला तयार नव्हते. १ जानेवारी १९७४ पासून बहुतेक कारखाने, कचेऱ्या, दुकानांना आठवड्यातून तीनच दिवस वीज मिळू लागली. त्या दिवसांत जादा तास चालवायलाही मनाई. दवाखाने, वर्तमानपत्रं, खाण्यापिण्याची दुकानं तेवढी वगळली. टीव्ही रात्री साडेदहाला बंद. दुकानात मेणबत्त्या, कचेरीत अंगावर कोट. घरात एकच खोली गरम ठेवा, असं आवाहन झालं, तेही तिथल्या जानेवारीत! पॅट्रिक जेन्किन नावाच्या मंत्र्यांनी तर अंधारात दात घासा म्हणून सांगितलं. लोक हसले, दुसरं काय करणार?

हसू यायचं नाही ते पगाराच्या दिवशी. कित्येकांना तीनच दिवसांची मजुरी मिळाली. रिकाम्या दिवसांसाठी बेकारभत्त्याच्या रांगेत उभं राहावं लागलं. चूल मात्र सातही दिवस पेटवायची होती. गंमत म्हणजे दिवस कमी झाले, तरी माल काही निम्म्यावर आला नाही. भीती होती त्याहून पुष्कळ जास्त निघाला.

फेब्रुवारीत शंभरातल्या एक्क्याऐंशी मतांनी खाणकामगारांनी संप ठरवला. हीथ यांनी निवडणूक लावली. देश कोण चालवतं, सरकार की संघटना, असा त्यांचा सवाल होता. २८ फेब्रुवारीला मतदान झालं. मजूर पक्षाला ३०१ जागा, हीथ यांना २९७. बहुमत कोणालाच नाही. हीथ पायउतार झाले, हॅरॉल्ड विल्सन आले. त्यांच्या सरकारनं खाणकामगारांना पगारवाढ दिली आणि ७ मार्चला तीन दिवसांचा आठवडा संपला.