पदवी, पात्रता आणि न्यायासन

मुलाने जितके अधिक शिकावे तितकी सरकारी नोकरी जवळ येते, हा समज आपल्या कुटुंबांत पिढ्यान्‌पिढ्या रुजलेला आहे. तो सर्वस्वी खोटा नाही. परंतु पात्रतेवरून सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलेल्या वादांचा इतिहास पाहता तो फार अपुरा ठरतो. आज ज्ञातिबांधवांच्या घरोघरी असे अर्ज भरले जात आहेत, म्हणून त्या इतिहासातील काही प्रकरणे येथे सादर करणे आम्हांस अगत्याचे वाटते.

पहिले प्रकरण म्हैसूर विद्यापीठाचे. ती जागा सरकारी कचेरीतली नव्हे, तरी तेथे घालून दिलेला दंडक पुढे सर्वत्र उद्धृत झाला. इंग्रजीच्या प्रपाठकास पहिल्या किंवा वरच्या दुसऱ्या वर्गाची एम. ए. पदवी हवी होती. नेमलेल्या गृहस्थांस एम. ए. स शेकडा ५०.२ गुण होते. शिवाय इंग्लंडातील डरहॅम विद्यापीठाची एम. ए. पदवीही होती. हा वर्ग ‘वरचा’ कसा, असे म्हणून उच्च न्यायालयाने नेमणूक रद्द केली. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट १९६३ मध्ये ती पुन्हा कायम केली. निकाल लिहिणारे न्यायमूर्ती गजेंद्रगडकर मूळचे साताऱ्याचे. पुढील वर्षी ते सरन्यायाधीश झाले. तज्ज्ञांनी निर्मळ हेतूने दिलेल्या मतात न्यायालयांनी सहसा हात घालू नये, असा त्यांचा अभिप्राय पडला.

पुढची तीन प्रकरणे जम्मू-काश्मीरची. तेथील १९७० च्या नियमांनी कार्यकारी अभियंत्याच्या बढतीची वाट पदविकाधारक साहाय्यक अभियंत्यांस बंद केली. पदवीधर आणि पदविकाधारक एकाच पायरीवर एकच काम करीत असताना हा भेद कशाला, हा त्यांचा प्रश्न आम्हांस आजही रास्त वाटतो. परंतु १९७३ मध्ये पाच न्यायाधीशांच्या पीठाने नियम वैध ठरविला. मुख्य निकाल पुण्यात जन्मलेल्या न्यायमूर्ती यशवंत चंद्रचूड यांचा. निकालाशी सहमत होऊनही, असे वर्गीकरण वाढत गेल्यास समानताच बुडेल, असा इशारा न्यायमूर्ती भगवती व कृष्ण अय्यर यांनी दिला.

दुसरे प्रकरण केवळ तारखांचे. कनिष्ठ अभियंत्यांच्या जागांसाठी अर्जाची अंतिम तारीख १५ जुलै १९८२ होती. तेहतीस उमेदवारांचा परीक्षेचा निकाल २१ ऑगस्टला लागला आणि मुलाखती त्यानंतर सुरू झाल्या. मुलाखतीच्या दिवशी पदवी हातात होती, अर्जाच्या दिवशी नव्हती! १९९२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बहुमताने त्यांस ग्राह्य मानले. १९९७ मध्ये फेरविचारात तेच मत चुकीचे ठरले. पात्रता अंतिम तारखेसच हवी, हा नियम तेव्हा पक्का झाला. पंधरा वर्षे चाललेल्या या वादात किती घरांनी किती सोसले असेल, याची कल्पना अशा घरांनाच यावी.

तिसरे प्रकरण वीज खात्याच्या तंत्रज्ञांचे. जाहिरातीत मॅट्रिक व आय. टी. आय. ची अट होती. अर्ज करणाऱ्यांपाशी त्याहून वरची पदविका होती. यशवंतरावांच्या निकालानंतर पंचेचाळीस वर्षांनी, डिसेंबर २०१८ मध्ये, त्यांचे चिरंजीव न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड यांनी येथे निकाल दिला. वरच्या शिक्षणात खालचे शिक्षण आपोआप सामावते असे गृहीत धरता येत नाही; कोणती पात्रता हवी हे ठरविणे नियोक्त्याचे काम. केरळातील २०१० च्या प्रकरणी पदवीधरांस लाभ मिळाला होता, कारण तेथील नियमातच तशी मुभा होती.

शेवटचे उदाहरण पंजाब नॅशनल बँकेतील शिपायाच्या जागेचे. उमेदवार बारावी उत्तीर्ण हवा, पदवीधर नको, अशी अट होती. ओडिशातील एका तरुणाने पदवी लपवून अर्ज केला. शिकल्याबद्दल लपावे लागावे, हे वाचून आम्हांस खेद झाला. उच्च न्यायालयाने त्याच्या बाजूने दिलेला आदेश सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२० मध्ये रद्द केला. अटीस त्याने वेळीच आव्हान दिले नव्हते; माहिती मात्र दडविली होती.