भुतांनी दिलेला आसरा

गेल्या वेळी आपण मुंजा आणि हडळीच्या गोष्टी सांगितल्या, तेव्हा बऱ्याच जणींनी आणखी ऐकव म्हणून निरोप धाडले. आज भूत आहेच, पण त्याच्या जोडीला दोन पोरी आहेत, एकमेकींवर जीव असलेल्या. बाईला बाईची किंवा पुरुषाला पुरुषाची ओढ असणं, याला आता सगळीकडे समलिंगी असणं म्हणतात. ज्यांची ओढ किंवा राहणी चारचौघांच्या चौकटीत बसत नाही, त्या सगळ्यांना मिळून क्विअर असाही शब्द आहे. शब्द नवे आहेत, माणसं जुनीच आहेत.

आधी आपल्या भुतांकडे जरा नीट बघू. मुंजा कोण? मुंज झाली पण लग्नाआधीच गेला तो. अळवंत कोण? बाळंतपणात गेलेली बाई. ज्याचं काही राहून गेलं, ज्याला घराच्या रीतीत जागा मिळाली नाही, त्याला आपण पिंपळावर नाहीतर पडक्या विहिरीत बसवलं. म्हणून ज्यांच्या प्रेमाला गावात जागा नाही, त्यांच्या गोष्टी फिरत फिरत भुतांच्या दारी गेल्या, याचं आम्हाला नवल वाटत नाही.

राजस्थानात जोधपूरकडे बोरुंदा नावाचं गाव आहे. तिथले विजयदान देथा १९२६ साली जन्मले, २०१३ साली वारले. गावातल्या बायाबापड्यांच्या तोंडच्या गोष्टी ऐकायच्या आणि आपल्या राजस्थानी बोलीत नव्याने लिहायच्या, हे त्यांनी जन्मभर केलं. 'बातां री फुलवाडी' या नावाने त्या गोष्टींचे चौदा भाग झाले. त्यासाठी १९७४ साली त्यांना साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला.

त्यांची एक गोष्ट आहे, 'दोहरी जिंदगी', म्हणजे दुहेरी आयुष्य. दोन सावकार मित्र मुलं पोटात असतानाच सोयरीक ठरवतात. दोघांनाही मुलीच होतात. एक बाप लोभी. हुंडा हातचा जाईल म्हणून तो आपली पोर मुलगा म्हणून वाढवतो. बीजा तिचं नाव, दुसरीचं तीजा. वाजतगाजत लग्न लागतं आणि रात्री दोघींना खरं कळतं. आता रडारड होईल असं वाटतं ना? पण त्या एकमेकींना सोडत नाहीत. गाव खवळतं, जिवावर उठतं. दोघी बाहेर पडतात, आणि जिथे पाऊल टाकायला लोक घाबरतात अशा भुतांच्या जागी पोचतात. भुतांचा सरदार त्यांची हकिगत ऐकतो आणि त्यांना राहायला महाल देतो!

आम्ही ही गोष्ट गटात वाचली तेव्हा मधला भाग सगळ्यांना चटका लावून गेला. सरदाराच्या वराने बीजा पुरुष होते. आणि पुरुष झाल्याबरोबर तिचा आवाज चढतो, हुकूम सुरू होतात, तीजावर जोर चालवला जातो. कालची सखी आजचा नवरा होते. शेवटी बीजा पुन्हा बाई होणं पत्करते आणि दोघी भुतांच्याच आसऱ्याला राहतात. अख्ख्या गोष्टीत भुताने कुणाला धरलं नाही, झपाटलं नाही. भीती वाटते ती बापाच्या लोभाची, गावाची आणि नवरेपणाची.

परदेशात हेच कसं रंगवलं, तेही बघा. आयर्लंडच्या शेरिडन ले फानू यांची 'कार्मिला' ही गोष्ट १८७२ सालच्या त्यांच्या पुस्तकात आहे. तिच्यात बाईवर जीव जडलेली बाई हीच रक्त पिणारी पिशाच्च, आणि शेवटी पुरुष मंडळी तिला संपवतात. प्रसिद्ध ड्रॅक्युलाच्या पंचवीस वर्षं आधीची ही गोष्ट. तिथे प्रेम करणारीच भूत ठरली. बोरुंद्याच्या गोष्टीत भुतांनी प्रेम करणारीला घर दिलं. आम्हाला देथांचं जास्त पटतं.

आपल्या मुंबईत राहणाऱ्या इस्मत चुगताई यांची उर्दूतली 'लिहाफ' १९४२ साली छापून आली. लिहाफ म्हणजे रजई. गोष्ट सांगते एक लहान मुलगी. रात्री भिंतीवर रजईची सावली हत्तीसारखी हलते, आणि ती घाबरून देवाचं नाव घेते. खरं तर रजईखाली नवऱ्याने टाकलेली बेगम आणि तिची मोलकरीण असते. सरळ बोलायची सोय नव्हती, म्हणून भीतीच्या गोष्टीचं पांघरूण घेतलं. त्यातली बेगम त्या पोरीलाही नको तसा हात लावते, हे मात्र आम्हाला खटकतं आणि ते झाकायचं कारण नाही. पुढे अश्लीलतेचा खटला झाला. तान्ही लेक असताना इस्मतबाईंना लाहोरच्या कोर्टाची पायरी चढावी लागली. पण बोट ठेवावं असा अश्लील शब्द काही सापडेना, आणि त्या सुटल्या.

अशा गोष्टी वेगवेगळ्या भाषांत एकेकट्या पडून होत्या. १९९८ साली दोन जावांच्या प्रेमावरचा 'फायर' सिनेमा आला, तेव्हा मुंबईत थिएटरांची तोडफोड झाली. हे आपल्या संस्कृतीत नाहीच, असं ओरडून सांगितलं गेलं. पुढच्याच वर्षी अश्विनी सुखठणकर यांनी भारतातल्या अशा बायकांचं लिखाण एका पुस्तकात गोळा केलं. कितीतरी जणींनी टोपणनावाने लिहिलं. घरच्यांना कळलं तर काय, ही धास्ती होतीच. मग २००० साली रूथ वनिता आणि सलीम किदवई यांनी दोन हजारांहून अधिक वर्षांतलं लिखाण एकत्र आणलं. त्यात तीजा-बीजाची गोष्टही आहे. नाहीच म्हणणाऱ्यांपुढे ठेवायला एवढा जाड ग्रंथ झाला. दोन्ही पुस्तकं इंग्रजीत, एवढंच वाईट. खेड्यातल्या बायकांच्या तोंडची गोष्ट शहरातल्या कपाटात जाऊन बसली.

कायदा बदलायला आणखी अठरा वर्षं गेली. इंग्रजांनी १८६० साली घातलेलं ३७७ कलम होतं. ६ सप्टेंबर २०१८ला सुप्रीम कोर्टाने सांगितलं, की दोन सज्ञान माणसांचं राजीखुशीचं प्रेम हा गुन्हा नाही. लग्नाची मान्यता मात्र २०२३च्या निकालातही मिळाली नाही. म्हणजे तीजा-बीजा आज आपल्या तालुक्यात असत्या, तर पोलीस त्यांना गुन्हेगार म्हणू शकले नसते, पण नवरा-बायको म्हणून त्यांच्या लग्नाची नोंद झाली नसती.

पुढच्या बुधवारी आम्ही तीजा-बीजाची गोष्ट पहिल्यापासून, आपल्या बोलीत सांगणार आहोत. गटाची बैठक त्याच वेळी ठेवा, आणि घरातल्या वयात आलेल्या पोरींनाही सोबत बसवा.