दोन फुटांवरची दोन रोपे

तुळस, पुदिना आणि सब्जा यांच्या कुळात कॅटनिप नावाची एक वनस्पती आहे. करड्या-हिरव्या, लवदार पानांची आणि पांढुरक्या फुलांची ही वनस्पती युरोपात व आशियाच्या थंड भागात रानातही वाढते. आपल्याकडे ती पश्चिम हिमालयात आढळते. लिनियसने १७५३ साली तिला नेपेटा कॅटारिया असे नाव दिले. त्यातले दुसरे पद मांजर या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून घेतलेले आहे, आणि ते योग्यच आहे. या झाडाची पाने हुंगताच अनेक मांजरे त्यावर गाल घासतात, लोळतात, पाने चावतात आणि बघता बघता रोपाची वाट लावतात.

ज्यांना ती बागेत वाढवायची होती त्या इंग्लिश माळ्यांमध्ये याविषयी एक म्हण रूढ होती. तिचा आशय असा, की तयार रोप आणून लावले तर मांजरे ते टिकू देत नाहीत, पण बी पेरून उगवलेल्या रोपाकडे ती फिरकत नाहीत. ऐकताच हसू यावे अशीच ही म्हण. मांजराला रोपाचा जन्मदाखला कसा कळणार? पण जॉन रे (१६२७–१७०५) या निसर्गअभ्यासकाने स्वतः रानातून रोपे आणून बागेत लावली. ती मांजरांनी फस्त केली. बियांपासून उगवलेली मात्र वाचली.

पुढची पायरी फिलिप मिलरची. लंडनमधील चेल्सी येथे औषधविक्रेत्यांच्या संघाने १६७३ साली वनौषधींची बाग स्थापन केली होती. मिलर १७२२ ते १७७० अशी जवळजवळ पन्नास वर्षे तिचा प्रमुख माळी होता. बागकामावरचा त्याचा कोश १७३१ साली निघाला आणि त्याच्या आवृत्त्या पुढे अनेक वर्षे निघत राहिल्या. या कोशात तो सांगतो, की त्याने ही म्हण अनेकदा तपासून पाहिली. बागेच्या दुसऱ्या भागातले एक रोप उपटून त्याने अशा ठिकाणी लावले, की तेथून दोन फुटांच्या आत बियांपासून उगवलेली रोपे होती. उपटून लावलेले रोप मांजरांनी फाडून टाकले. शेजारची रोपे जशीच्या तशी राहिली.

हे दोन फूट आम्हाला फार महत्त्वाचे वाटतात. माती तीच, ऊन तेच, मांजरेही तीच. फरक फक्त लावण्याच्या पद्धतीत. नववी-दहावीच्या वर्गात आपण 'नियंत्रित प्रयोग' शिकवतो, तेव्हा परीक्षानळ्या आणि तक्ते पुढे येतात. येथे खुरपे हाती घेतलेला माणूस तेच करतो आहे. अर्थात प्रयोगात उणीव आहे. रोपांची संख्या व वय त्या मजकुरात नाही. पेरलेली रोपे लहान असतील तर त्यांचा वासही कमीच येणार. मिलरने आणखी एक गोष्ट टिपून ठेवली आहे: पुष्कळ झाडे एकत्र वाढत असतील तर मांजरे त्यांच्या वाटेला जात नाहीत.

मग म्हणीमागचे कारण कोणते? कॅटनिपच्या पानांवर तेलाच्या सूक्ष्म ग्रंथी असतात. त्या अखंड असतात तोवर वास बेताचाच येतो. रोप उपटताना, हाताळताना पाने चुरगळतात, ग्रंथी फुटतात आणि तेल उघडे पडते. त्यातले मुख्य द्रव्य नेपेटालॅक्टोन हे अमेरिकेतील विस्कॉन्सिन विद्यापीठात मॅकएल्वेन व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९४१ साली वेगळे केले. १९६४ साली टॉमस आयस्नर यांनी हे द्रव्य अनेक कीटकांना दूर ठेवते असे दाखवले. म्हणजे जखम होताच सुटणारा हा वास वनस्पतीचे संरक्षण आहे; मांजर त्या हिशेबात नव्हतेच.

मांजराला त्यातून काय मिळते, याचे उत्तर जपानमधल्या इवाते विद्यापीठातील मासाओ मियाझाकी यांच्या गटाकडून आले. २०२१ साली त्यांनी दाखवले, की अशा पानांवर अंग घासलेल्या मांजरांवर डास कमी बसतात. पुढच्याच वर्षी त्यांनी मोजमाप दिले: मांजराने चावून चुरगळलेल्या पानांतून हे वासद्रव्य अखंड पानांच्या दसपटीहूनही जास्त बाहेर पडते. मिलरच्या दोन रोपांतला फरक आता आकड्यात सांगता येतो.

बागेत शोभेसाठी जी जांभळ्या फुलांची कॅटमिंट लावतात, ती बहुधा नेपेटा फासेनाय हा संकर असतो. फासेन नावाच्या डच रोपवाटिकावाल्यावरून त्याचे नाव पडले. हा संकर वंध्य आहे, बी धरत नाही. तो गड्डा फोडून किंवा छाटे लावूनच वाढवावा लागतो. म्हणजे म्हणीतला सुरक्षित मार्ग येथे बंदच. अशा वेळी रोपावर तारेची जाळी घालून ते रुजेपर्यंत थांबणे हाच उपाय.

आपल्या कोकणात-देशावर कॅटनिप सहज मिळणार नाही. पण पडीक जागी उगवणारी खोकली (अ‍ॅकॅलिफा इंडिका) मिळेल. ती एरंडाच्या कुळातली, म्हणजे कॅटनिपशी नाते दूरचेच. तरी तिच्या मुळांकडे मांजरे अशीच ओढली जातात, आणि मुळांत नेपेटालॅक्टोनच्या जवळची द्रव्ये सापडली आहेत. मल्याळममध्ये तिचे एक नाव मांजराला भुलवणारी अशाच अर्थाचे आहे. विद्यार्थ्यांना करून पाहायचे असेल तर एक झाड मुळासकट उपटून ठेवावे, शेजारचे तसेच राहू द्यावे. मांजरे मात्र चार-पाच तरी हवीत, आणि पिल्ले नकोत. कॅटनिपच्या बाबतीत तरी सुमारे एक तृतीयांश मांजरे ढिम्म हलत नाहीत, आणि काही महिन्यांच्या आतल्या पिल्लांवर परिणाम दिसत नाही.